ई-बाइकचा अपघात कोड करताना आधी गाडी कोणती ते ठरवा

पुण्यात बसून अमेरिकन रुग्णालयाचे इमर्जन्सी चार्ट (पेशंटच्या नोंदी) कोड करणाऱ्या, म्हणजे विम्याच्या क्लेमसाठी त्यातल्या दुखापतींना आणि त्यांच्या कारणांना आयसीडी-१०-सीएम या अमेरिकन यादीतले ठरलेले कोड लावणाऱ्या, एका नव्या कोडरचा प्रश्न आहे. चार्ट असा: पेशंट ३४ वर्षांचा, ई-बाइकवरून जेवणाची डिलिव्हरी करत होता. चौकात वळणाऱ्या कारने त्याला उडवलं. उजव्या मनगटाचं कॉलीज फ्रॅक्चर, डोक्याला मार, साधारण दहा मिनिटं शुद्ध नव्हती, सीटी स्कॅन नॉर्मल, निदान कन्कशन, म्हणजे मेंदूला बसलेला हादरा. तिने बाह्य कारणासाठी व्ही१३.४एक्सएक्सए लावला, म्हणजे सायकलस्वाराला कारची धडक. ऑडिटरने एरर काढली आणि व्ही२३.४१एक्सए लावायला सांगितलं. तिचं म्हणणं असं की ई-बाइकला पेडल असतात, लायसन्स लागत नाही, नंबरप्लेट नसते, मग ती मोटारसायकलच्या गटात कशी जाते? आणि शेवटी तिने जरा वैतागून विचारलंय की या व्ही कोडचे पैसे तर मिळतच नाहीत, मग त्यावर एवढं डोकं का लावायचं?

प्रश्न विचारणाऱ्या कोडरलाच सांगते: ऑडिटर बरोबर आहे. पण "गाइडलाइनमध्ये तसंच आहे" एवढ्यावर हा विषय सोडू नये. कारण समजलं नाही तर पुढच्या वेगळ्या चार्टला पुन्हा तीच चूक होईल.

आयसीडी-१०-सीएमच्या विसाव्या प्रकरणात वाहतूक अपघातांच्या सुरुवातीला व्याख्यांचं एक लांबलचक पान आहे. नवे कोडर ते पान सहसा ओलांडून थेट कोडवर जातात. तिथे सायकलची व्याख्या दिली आहे: केवळ पेडलवर चालणारं, मोटर नसलेलं वाहन. "केवळ" हा शब्द महत्त्वाचा. पेडल आहेत का, हा प्रश्नच नाही. पेडलशिवाय आणखी कशावर गाडी चालते का, हा प्रश्न आहे. ई-बाइकला मोटर आली, की ती व्ही१० ते व्ही१९ या सायकलच्या गटातून बाहेर पडली. मग ती जाते व्ही२० ते व्ही२९ मध्ये, जिथे मोटारसायकलच्या जोडीला मोपेड, मोटर स्कूटर आणि मोटर लावलेली सायकल आधीपासूनच बसलेल्या आहेत. तिथे ती नव्याने घुसवलेली नाही.

लायसन्स आणि नंबरप्लेटचा मुद्दा मला समजतो, कारण अमेरिकेतला कायदा खरोखरच वेगळं बोलतो. २००२ च्या फेडरल कायद्याने कमी वेगाच्या इलेक्ट्रिक सायकलला ग्राहकवस्तू मानलं: चालते पेडल, ७५० वॅटपेक्षा कमी मोटर आणि नुसत्या मोटरवर ताशी २० मैलांपेक्षा कमी वेग. नंतर बऱ्याच राज्यांनी तीन वर्ग केले. पहिला, पेडल मारलं तरच मदत करणारा, २० मैलांपर्यंत. दुसरा, थ्रॉटलवर चालणारा, तोही २० पर्यंत. तिसरा, पेडलच्या मदतीने २८ मैलांपर्यंत, म्हणजे ताशी सुमारे ४५ किलोमीटर. हे सगळं लायसन्स, विमा, सायकल ट्रॅकवर परवानगी यासाठी आहे. आयसीडीला वर्ग एक आणि वर्ग तीन यांत फरक नाही. कायद्याची व्याख्या वकिलाच्या कामाची, आपल्या कामाची व्याख्या टॅब्युलरमध्ये, म्हणजे कोडच्या क्रमवार यादीत आहे. चार्टमध्ये "क्लास १ पेडल असिस्ट" लिहिलं असलं तरी कोड ई-बाइकचाच.

आता कोडची रचना, कारण एकदा ती बोटांत बसली की पाठांतर लागत नाही. व्ही२३.४१एक्सए मधला २ म्हणजे जखमी माणूस मोटारसायकल गटातल्या गाडीवर होता. ३ म्हणजे समोर कार, पिकअप किंवा व्हॅन होती. बिंदूनंतरचा ४ म्हणजे तो चालवत होता आणि अपघात वाहतुकीच्या रस्त्यावर झाला. त्यापुढचा १ म्हणजे ई-बाइक. इथे ९ असता तर दुसरी मोटारसायकल झाली असती. एक्स ही नुसती जागा भरायला, आणि ए म्हणजे सुरुवातीचा उपचार चालू आहे. समोर काय होतं त्यावर तिसरं अक्षर बदलतं: माणूस किंवा जनावर असेल तर व्ही२०, सायकल असेल तर व्ही२१, दुचाकी-तीनचाकी मोटरवाहन असेल तर व्ही२२, ट्रक किंवा बस असेल तर व्ही२४, रेल्वे असेल तर व्ही२५, खांब, भिंत, झाड असेल तर व्ही२७, आणि धडक झालीच नाही, माणूस नुसता घसरून पडला, तर व्ही२८. कुत्रं आडवं आलं आणि त्याला धडकून पडला तर व्ही२०.४१एक्सए. आईच्या मागे बसलेलं मूल कारच्या धडकेत जखमी झालं तर चौथं अक्षर ४ ऐवजी ५, म्हणजे व्ही२३.५१एक्सए.

यातला सगळ्यांत जास्त चुकणारा कोड व्ही२८. "कार वाचवायला हँडल वळवलं आणि पडलो" असं पेशंट सांगतो आणि कोडर कार हा शब्द बघून व्ही२३ लावतो. कारला स्पर्शच झाला नाही. पडण्याआधी कशाशी धडक झाली का, एवढंच विचारायचं. नसेल तर व्ही२८.४१एक्सए. खड्ड्यात चाक गेलं, ओल्या पानांवर घसरलं, ब्रेक जोरात दाबला आणि हँडलवरून पुढे फेकला गेला, हे सगळे व्ही२८. ई-बाइक जड असते, बॅटरी आणि मोटरचं वजन असतं, आणि वळणावर वेग अंदाजापेक्षा जास्त निघतो. त्यामुळे एकट्याने पडलेल्या माणसांचे चार्ट तुमच्याकडे भरपूर येतील. प्रत्येक वेळी ही ओळ नीट वाचा.

आता तारखेची गोष्ट. ई-बाइकचे हे स्वतंत्र कोड १ ऑक्टोबर २०२२ पासून लागू झाले, म्हणजे अमेरिकी सरकारच्या आर्थिक वर्ष २०२३ च्या अपडेटमध्ये. त्या दिवशी एकूण १,१७६ नवे कोड आले, आणि व्ही२० ते व्ही२९ मध्ये जवळपास प्रत्येक कोड फुटून ई-बाइक आणि इतर असे दोन झाले. आधीचा व्ही२३.४एक्सएक्सए त्यातच मोडीत निघाला. जुना क्लेम पुन्हा उघडायची वेळ आली तर सेवेची तारीख बघा. भरती असलेल्या पेशंटची डिस्चार्जची तारीख बघा. सप्टेंबर २०२२ च्या चार्टला नवा कोड लावला तर क्लेम परत येणार, आणि आजच्या चार्टला जुना लावला तरी परत येणार.

२०२२ च्या आधी काय गोंधळ होता ते मी पाहिलंय. मी तेव्हा एका प्रोजेक्टवर ऑडिट करत होते. शेजारी शेजारी बसणारे दोन कोडर, दोघेही कामात चोख. एक ई-बाइकला सायकल म्हणायचा, दुसरी मोटारसायकल. दोघांकडेही आपापलं कारण होतं. व्याख्या काटेकोर वाचली तर दुसरी बरोबर होती, पण पहिल्याला समजावणं कठीण जायचं, कारण चार्टमध्ये डॉक्टर स्वतःच "बायसिकल ॲक्सिडेंट" लिहून मोकळे व्हायचे. काही महिन्यांनी क्लायंटकडून विचारणा झाली, की आमच्या ईआरमध्ये (इमर्जन्सी विभागात) ई-बाइकचे किती पेशंट आले ते काढून द्या. आम्हाला ते काढता आलं नाही. अर्धे सायकलच्या ढिगात होते, अर्धे मोटारसायकलच्या, आणि दोन्ही ढिगांत ते खऱ्या सायकली आणि खऱ्या मोटारसायकलींमध्ये मिसळून गेले होते. एकेक चार्ट उघडून वाचायला लागले असते. त्या दिवशी मला वाटलं की एवढी माणसं हाडं मोडून आली, आम्ही प्रत्येकाचा चार्ट मन लावून वाचला, आणि तरी ते कशावरून पडले याची एक साधी मोजणी आमच्याकडे नाही. तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर माझ्यासाठी तिथे आहे.

व्ही कोडचे पैसे मिळत नाहीत हे खरं. राज्याचा नियम किंवा पेयरची (बिल भरणाऱ्या विमा कंपनीची) अट नसेल तर विसाव्या प्रकरणाचे कोड लावणं राष्ट्रीय पातळीवर सक्तीचंही नाही. गाइडलाइन ते स्वेच्छेने लावायला प्रोत्साहन देतात. पण दुखापतीचा एस कोड फक्त काय मोडलं एवढंच सांगतो. कसं मोडलं ते दुसरीकडे कुठेच राहत नाही. सायकल ट्रॅक कुठे बांधायचा, वेगाची मर्यादा काय ठेवायची, मुलांना किती वर्षांनंतर थ्रॉटलची गाडी द्यायची, हे ठरवणाऱ्या माणसाच्या हाती शेवटी असल्याच मोजण्या असतात. आणि पैशांशी त्याचा अजिबात संबंध नाही असंही नाही. अपघाताचा एस कोड गेला आणि बाह्य कारण नसलं, की पेयर पेशंटला प्रश्नावली पाठवून विचारतो: कामावर होतात का, दुसऱ्या कोणाची चूक होती का, दुसरा विमा आहे का? उत्तर येईपर्यंत क्लेम अडकून पडतो. मनगट प्लास्टरमध्ये असलेल्या माणसाला ते फॉर्म भरायला लागतात.

आता नावांचा गुंता, कारण खरी परीक्षा तिथे आहे. चार्टमध्ये डॉक्टर काय लिहील याला मर्यादा नाही. "ई-बाइक" लिहिलं तर सोपं. "इलेक्ट्रिक स्कूटर" लिहिलं की थांबायचं. उभं राहून चालवायची, दोन छोटी चाकं आणि एक दांडा असलेली स्कूटर असेल, जी शहरांत ॲपवरून भाड्याने मिळते, तर तिच्यावरचा माणूस आयसीडीच्या दृष्टीने पादचारी आहे, वाहनचालक नाही. नुसतं पडणं असेल तर व्ही००.८४१ए, कारने धडक दिली असेल तर व्ही०३.१३१ए. हे कोड ई-बाइकच्या दोन वर्षं आधी, १ ऑक्टोबर २०२० ला आले. पण तीच "इलेक्ट्रिक स्कूटर" बसून चालवायची, आपल्याकडच्या ॲक्टिव्हासारखी असेल, तर ती मोटर स्कूटर, म्हणजे व्ही२० ते व्ही२९ मध्येच, पण पाचवं अक्षर ९. आणि म्हाताऱ्या माणसांची, सुपरमार्केटमध्ये दिसणारी मोबिलिटी स्कूटर असेल तर व्ही००.८३ चा गट. एकाच शब्दाची तीन घरं झाली.

पुण्यातल्या मुलांची इथे एक खास अडचण होते. आपल्या डोळ्यांसमोर "स्कूटर" म्हटलं की बसायची गाडी येते, अमेरिकन डॉक्टरच्या डोळ्यांसमोर बहुतेक वेळा उभी स्कूटर येते. "बाइक" तर उलटंच. आपण बाइक म्हणतो ती पल्सर-स्प्लेंडर, ते बाइक म्हणतात ती सायकल. माझ्या हाताखालच्या एकाने "बाइक ॲक्सिडेंट" वाचून सरळ मोटारसायकल लावली होती, आणि चार्टमध्ये ती सात वर्षांच्या मुलाची चार चाकं लावलेली सायकल होती. वय आणि जागा वाचली असती तर लगेच कळलं असतं. आपल्या भाषेतला अर्थ चार्टमध्ये घालू नका, चार्टचा अर्थ त्यांच्या रस्त्यावर उभं राहून लावा.

अलीकडे आणखी एक प्रकार वाढलाय: इलेक्ट्रिक डर्ट बाइक. जाड टायर, पेडल नाहीत, दिसायला सायकलसारखी हलकी, आणि विकणारेसुद्धा तिला ई-बाइक म्हणतात. चार्टमध्ये "डर्ट बाइक" असा स्पष्ट शब्द असेल तर ती व्ही८६ मध्ये जाते: ट्रेलवर किंवा शेतात पडला तर व्ही८६.५६एक्सए, सार्वजनिक रस्त्यावर असेल तर व्ही८६.०६एक्सए. पण डॉक्टरने नुसतं "ई-बाइक" लिहिलं असेल आणि तुम्हाला वर्णनावरून डर्ट बाइक असावी असा संशय आला, तर अंदाजाने बदलू नका. त्याला क्वेरी पाठवा, म्हणजे लेखी विचारा.

क्वेरीही नीट लिहायची. "ही डर्ट बाइक होती ना?" असं विचारणं म्हणजे उत्तर त्याच्या तोंडात घालणं, आणि ऑडिटमध्ये ते पकडलं जातं. "चार्टमध्ये पेशंट ट्रेलवर विजेच्या दुचाकीवरून पडल्याची नोंद आहे. वाहनाचा प्रकार कृपया स्पष्ट करावा" आणि खाली पर्याय: ई-बाइक, डर्ट बाइक, मोटर स्कूटर, इतर, सांगता येत नाही. एवढं पुरतं. आधी मात्र चार्ट पूर्ण वाचा. ट्रायाजची नोंद (पेशंट आल्याबरोबर केलेली पहिली तपासणी), अँब्युलन्सवाल्यांचा कागद, सोशल वर्करची नोट, यांत बरेचदा डॉक्टरपेक्षा जास्त तपशील असतो. त्यातलं किती घेता येतं हे तुमच्या फॅसिलिटीच्या पॉलिसीत बघा, पण निदान क्वेरी करायची की नाही ते त्यावरून समजतं.

ई-बाइकने ज्याला उडवलं तो पेशंट तुमच्याकडे आला तर? ई-बाइक मोटारसायकलच्या गटात, म्हणून पादचाऱ्याची धडक दुचाकी मोटरवाहनाशी: व्ही०२.१०एक्सए. इथे ई-बाइकसाठी वेगळं अक्षर नाही. माणूस ई-बाइक हातात धरून चालत रस्ता ओलांडत होता आणि कारने उडवलं तर? तो त्या क्षणी गाडीवर नव्हता, म्हणून पादचारी: व्ही०३.१०एक्सए. वाहतूक अपघातासाठी वाहन चालू असलं पाहिजे किंवा प्रवासासाठी वापरात असलं पाहिजे, हीसुद्धा त्याच व्याख्यांच्या पानावरची गोष्ट आहे.

त्यामुळेच बॅटरीची आग हा वाहतूक अपघात नाही. रात्री घरात चार्जिंगला लावलेली बॅटरी पेटली, घर पेटलं, माणूस भाजला: भाजण्याचा टी कोड, किती टक्के शरीर भाजलं त्याचा टी३१, आणि बाह्य कारण म्हणून इमारतीतल्या अनियंत्रित आगीचा एक्स०० गट. ज्वाळांसाठी एक्स००.०एक्सएक्सए, धुरासाठी एक्स००.१एक्सएक्सए. इथे व्ही कोड लागत नाही. न्यू यॉर्क शहरात २०२३ या एका वर्षात लिथियम-आयन बॅटरीच्या आगींत १८ माणसं गेली, आणि त्याच वर्षी तिथे विकल्या जाणाऱ्या ई-बाइकला यूएल २८४९ हे सुरक्षिततेचं प्रमाणपत्र सक्तीचं करणारा स्थानिक कायदा लागू झाला. असा चार्ट आला की "ई-बाइक" हा शब्द बघून हात आपोआप व्ही२ कडे जातो. तिथे हात आवरायचा.

वाहतुकीचा रस्ता की नाही, हे थोडक्यात सांगते. चार्टमध्ये जागा लिहिलेली नसेल तर ई-बाइकचा अपघात सार्वजनिक रस्त्यावर झाला असं मानायचं. स्वतःच्या अंगणात किंवा खासगी आवारात झाल्याचं स्पष्ट लिहिलं असेल तर चौथं अक्षर ४ ऐवजी ०.

दुखापतींच्या कोडमध्ये तुमचा चार्ट बहुतेक बरोबर आहे, पण एक गोष्ट तपासा. कन्कशनला तुम्ही एस०६.०एक्स९ए लावलाय, म्हणजे शुद्ध हरपली पण किती वेळ ते माहीत नाही. चार्टमध्ये दहा मिनिटं लिहिली आहेत. तेव्हा एस०६.०एक्स१ए, तीस मिनिटं किंवा कमी. शुद्ध हरपलीच नाही असं लिहिलं असेल तर शून्य. आणि हरपली की नाही हेच कळत नसेल, पेशंटला आठवत नाही आणि बघणारा कोणी नव्हता, तर एस०६.०एक्सएए. हा शेवटचा पर्यायही ई-बाइकच्या कोडबरोबरच ऑक्टोबर २०२२ ला आला. त्याआधी लोक अशा पेशंटला नाइलाजाने ९ लावायचे, म्हणजे शुद्ध हरपली होती असं कागदावर आपणच ठरवून टाकायचो. डोक्याच्या मारात हा फरक लहान नाही. पेशंट वर्षभर डोकेदुखी आणि विसराळूपणा घेऊन फिरतो तेव्हा पहिल्या दिवसाची नोंद काय होती, हे डॉक्टर आणि विमावाला दोघेही उघडून बघतात.

मनगटासाठी एस५२.५३१ए बरोबर. चार्टमध्ये उघडं की बंद लिहिलं नसेल तर बंद मानायचं, सरकलं की नाही लिहिलं नसेल तर सरकलेलं मानायचं. कॉलीजमध्ये सरकल्याचा प्रश्न येत नाही, पण कॉलरबोनला येतो, आणि ई-बाइकवरून खांद्यावर पडणाऱ्यांचं कॉलरबोन हमखास मोडतं. नडगीचं उघडं फ्रॅक्चर असेल तर सातवं अक्षर गुस्टिलोच्या वर्गावर, म्हणजे उघडं फ्रॅक्चर किती गंभीर त्याच्या श्रेणीवर: पहिला, दुसरा किंवा न लिहिलेला असेल तर बी, तिसऱ्याचे तिन्ही उपप्रकार असतील तर सी. हँडलचं टोक पोटात बसलेल्या मुलांच्या चार्टकडे जरा जास्त लक्ष द्या. वरून छोटासा ओरखडा असतो, आणि स्वादुपिंड किंवा प्लीहेची इजा काही तासांनी सीटीवर दिसते. तिथे एस३६ चा कोड आधी. त्याच जागेचा ओरखडा वेगळा कोड करायचा नाही, कारण मोठ्या दुखापतीच्या जागेवरची वरवरची जखम तिच्यातच धरली जाते.

आधी कोणता कोड लिहायचा? सगळ्यांत गंभीर दुखापत कोणती हे प्रोव्हायडर (उपचार करणारा डॉक्टर) ठरवतो, उपचाराचा भर कशावर होता ते बघून. तुमच्या चार्टमध्ये मनगट जागेवर बसवलंय, ऑर्थोला बोलावलंय, कन्कशनला निरीक्षण आणि घरी जाताना सूचना. मी एस५२ आधी ठेवला असता. व्ही कोड कधीही पहिला नाही.

मग वाय कोड, म्हणजे अपघाताची जागा आणि त्या वेळी माणूस काय करत होता ते सांगणारे. जागेसाठी वाय९२.४१४, वस्तीतला किंवा बाजाराचा रस्ता. सायकल ट्रॅकवर असता तर वाय९२.४८२, फुटपाथवर असता तर वाय९२.४८०. तो डिलिव्हरीवर होता म्हणून वाय९९.०, पैशांसाठी केलेलं काम. हा कोड तुम्ही सोडलाय, आणि माझ्या मते या चार्टमध्ये व्ही कोडनंतर सगळ्यांत महत्त्वाचा तोच आहे. कामगार विमा की आरोग्य विमा, हा प्रश्न त्याच्यावर येऊन थांबतो. सीएमएस-१५०० या क्लेम फॉर्मवरच्या दहाव्या रकान्यात नोकरीशी संबंध आणि वाहन अपघात अशा दोन्ही खुणा बघाव्या लागतात, आणि बिलिंगवाल्यांनी एक लिहिलं आणि तुम्ही दुसरं सुचवलं तर क्लेम नक्की परत येतो. ॲपवर काम करणारी ही पोरं स्वतःला नोकर म्हणवत नाहीत, कंपनीही त्यांना नोकर म्हणत नाही. तो वाद वेगळा. आयसीडीचा प्रश्न एवढाच, की त्या वेळी तो पैशांसाठी काम करत होता का? होता. वाय९३.५५, सायकल चालवणं, हा कोड मी डिलिव्हरीवाल्याला लावत नाही. तो खेळ आणि व्यायामाच्या यादीत आहे. क्लायंटची तशी अट असेल तर ती पाळा. आणि माहिती नसेल तेव्हा वाय९२.९, वाय९३.९ किंवा वाय९९.९ असले "माहीत नाही"चे कोड लावून जागा भरू नका, गाइडलाइनमध्ये ते नको म्हणून स्पष्ट सांगितलं आहे.

आता आपल्याकडच्या ई-बाइकचंही थोडं. भारतात २५० वॅटपेक्षा कमी शक्तीची आणि ताशी २५ किलोमीटरच्या आतली गाडी केंद्रीय मोटार वाहन नियमांनुसार मोटार वाहनच मानली जात नाही. पण इथल्या रुग्णालयाच्या रेकॉर्ड विभागात जागतिक आरोग्य संघटनेचं आयसीडी-१० वापरतात, अमेरिकन सीएम नाही. तिथे ई-बाइकचं वेगळं अक्षर नाही, आणि तुमचा चार्ट तिथे व्ही२३.४ एवढाच होईल. अमेरिकन कोड तिकडे नेऊ नका. मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय प्रमाणपत्रात, म्हणजे फॉर्म ४ मध्ये, इजा कशी झाली असा एक रकाना असतो. तिथे "आरटीए" (रोड ट्रॅफिक ॲक्सिडेंट) एवढंच खरडलेलं मी पाहिलंय. त्यावरून माणूस पायी होता, सायकलवर होता की विजेच्या गाडीवर, हे कोणालाही कधीच कळणार नाही. तुमच्या ओळखीत कोणी इंटर्न किंवा रेसिडेंट असेल तर त्याला एवढं सांगा, की त्या रकान्यात गाडीचं नाव आणि समोर काय होतं ते लिही, दहा शब्द पुरतात.

दोन आठवड्यांनी हाच पेशंट ऑर्थोच्या क्लिनिकमध्ये येईल तेव्हा बरेच जण पुन्हा ए लावतात. प्लास्टर बघायला आला, हाड नीट जुळतंय, तेव्हा एस५२.५३१डी आणि व्ही२३.४१एक्सडी. हाड वाकडं जुळलं आणि त्यासाठी आला तर एस५२ ला पी, व्ही कोडला डीच. जागेचा वाय९२ आणि वाय९९.० तेव्हा नाही लागत, ते फक्त सुरुवातीच्या भेटीला एकदा. तो चार्ट तुमच्याकडेच आला तर आधीच्या भेटीचा कोड उघडून बघा. तिथे अजून व्ही१३ असेल तर तो दुरुस्त करायला पाठवा, नाहीतर एकच माणूस एका कागदावर सायकलवरून पडलेला आणि दुसऱ्या कागदावर ई-बाइकवरून पडलेला दिसेल.